बिनकाट्याचा घास

ज्या घरात नवरा-बायको दोघेही नोकरी करतात, त्या घरातील आहाराची खरी परीक्षा संध्याकाळी सात ते आठ या एका तासात होते. सकाळी अंगात उत्साह असतो आणि डबे भरण्याची घाई असते, त्यामुळे पोळी-भाजी होऊन जाते. रविवारी वेळ असतो. मात्र आठवड्याच्या मधल्या दिवशी, दमून घरी आल्यावर, स्वयंपाकघराच्या दारात क्षणभर थबकून ‘आता काय करू?’ असा प्रश्न पडला नाही अशी गृहिणी विरळाच. माझ्या बाबतीत हा प्रश्न रोजचाच. साताऱ्यात पोवई नाक्यावरून वळून घरी पोहोचते तेव्हा घड्याळात सात वाजून गेलेले असतात. कन्या नववीत असून शिकवणीहून भुकेली येते. यजमानांच्या रक्तातील साखर गेल्या दोन वर्षांपासून सीमारेषेवर रेंगाळते आहे. त्यात गेल्या दिवाळीपासून आमच्याकडे माझे वडील, आप्पा, राहायला आले. तेव्हापासून हा प्रश्न केवळ सोयीचा राहिला नाही.

आप्पा मूळचे सांगलीचे. हळदीच्या अडतीवर त्यांनी पस्तीस वर्षे दिवाणजी म्हणून काम केले. हळकुंड मोडून, त्याचा आवाज ऐकून आणि बोटांनी चाचपून मालाची प्रत सांगणारा माणूस! हरिपूरला, जिथे वारणा कृष्णेला मिळते, त्या संगमाच्या परिसरात जमिनीखाली हळद साठवण्याची जुनी पेवे होती. त्यांच्या गोष्टी ऐकतच आम्ही भावंडे वाढलो. गावभागातले आमचे घर नदीच्या अंगाचे. ऑगस्ट २०१९ च्या महापुरात त्या घरात पाणी शिरले, तेव्हा आई-आप्पा महिनाभर साताऱ्याला येऊन राहिले होते. पाणी ओसरल्यावर मात्र एक दिवसही जास्त थांबले नाहीत. पुढे तीन वर्षांनी आई गेली. आप्पा एकटे राहू लागले. स्वयंपाकाला बाई येत, डबा झाकून ठेवत आणि जात.

आम्ही दर महिन्याला भेटायला जात होतो. तरीही एक गोष्ट आमच्या लक्षात यायला फार उशीर झाला. आप्पांचे शर्ट खांद्यावरून ओघळू लागले होते. दिवाळीत वजनकाट्यावर उभे केले, तर आकडा छप्पन्नवर थांबला. आई असताना तो बासष्ट होता. तपासण्या झाल्या, पण मोठा आजार काही निघाला नाही. डॉक्टरांनी त्यांच्या जेवणाची विचारपूस केली. सकाळी चहा-बिस्किटे, दुपारी वरणभात, रात्री दूधभाकरी. “यांच्या आहारात प्रथिने फार कमी पडताहेत,” डॉक्टर म्हणाले. “अंडी, मासे, डाळी, दही यांतले रुचेल ते रोज पोटात गेले पाहिजे. या वयात स्नायू झिजले की चालणे डगमगते, आणि माणूस पडला की पुढचे सारेच अवघड होते.”

प्रौढ व्यक्तीला शरीराच्या दर किलो वजनामागे दिवसाला सुमारे पाऊण ते एक ग्रॅम प्रथिने लागतात. साठी-सत्तरीनंतर हे प्रमाण एक ते सव्वा ग्रॅमपर्यंत असावे, असे वृद्धांच्या आहाराचा अभ्यास करणाऱ्या अनेक तज्ज्ञांचे मत आहे. मूत्रपिंडाचा विकार असलेल्यांनी मात्र हे प्रमाण स्वतःच्या मनाने वाढवू नये. आप्पांचा हिशेब मी कागदावर मांडला, तेव्हा त्यांच्या पोटात गरजेच्या निम्म्याहून थोडीच अधिक प्रथिने जात होती.

अंड्याचा आप्पांना पूर्वीपासून तिटकारा. मटण दातांना झेपत नाही. राहिला मासा. आणि मासा म्हणजे तर आप्पांचा जीव की प्राण! आई असताना बुधवार-रविवार घरी मासा ठरलेला. कृष्णेची मरळ, वाम, शिवडा, कधी रोहू. बाजारात सुरमई दिसली, तर महिनाअखेरीचीही पर्वा न करता पिशवीत यायची. आई आप्पांच्या शेजारी बसून त्यांच्या ताटातील मासा निवडून देई. आम्ही हसायचो. “लहान आहेत का ते?” असे मी तिला कितीदा तरी म्हटले असेन.

आई गेल्यापासून मात्र आप्पांनी मासा सोडला. “आता मन उडालं,” एवढेच ते म्हणाले. आम्ही त्याचा अर्थ आमच्या परीने लावला. आईच्या आठवणीने त्यांनी आवडीचा पदार्थ वर्ज्य केला असावा, असे आम्हांला वाटले. अशा दुःखाला हात लावू नये, म्हणून त्यांच्यापुरते वेगळे पिठले किंवा आमटी करून आम्ही तो विषय मिटवला. त्यांना मासा का नको, हे आमच्यापैकी एकानेही विचारले नाही. ही चूक आमची, आणि हा लेख लिहिण्याचे कारणही तीच.

त्या बुधवारी यजमान कार्यालयातून परतताना सुरमईच्या चार तुकड्या घेऊन आले. विक्रेत्याने सांगितले होते की, माल सकाळीच कुंभार्ली घाट चढून कराडमार्गे आला आहे. कन्येने मात्र पास्त्याचा हट्ट धरला होता. दोन वेगळे स्वयंपाक करण्याचे त्राण माझ्यात नव्हते. मग वाटले, दोन्ही एकत्र का करू नये? इटलीच्या दक्षिणेकडील सिसिली बेटावर तारलीसारख्या लहान माशांचा पास्ता करतात. त्यात रानबडीशेप, केशर, चिलगोज्यासारखा सुका मेवा आणि चक्क बेदाणे घालतात, हे मी पूर्वी कुठेतरी वाचले होते. मासा आणि बेदाणा ही जोडी तेव्हा विचित्र वाटली होती. पण सांगलीच्या माणसाच्या घरात तासगावकडचा बेदाणा नसेल असे होत नाही, आणि हळद तर आमच्या हाडामांसातच आहे.

चौघांसाठीचे प्रमाण आणि कृती सांगते. अडीच लिटर पाणी मोठ्या पातेल्यात उकळत ठेवावे व त्यात दोन चमचे मीठ घालावे. रक्तदाब असल्यास एकच चमचा पुरे. दुसऱ्या बाजूस पसरट कढईत अर्धी वाटी पाणी, पाव चमचा हळद, चिमूटभर मीठ व लिंबाच्या रसाचे काही थेंब घालावेत. त्यात सुमारे चारशे ग्रॅम माशाच्या तुकड्या एका थरात ठेवून, झाकण घालून, मंद आचेवर सहा-सात मिनिटे वाफवाव्यात. काट्यालगतचे मांस पांढरे व अपारदर्शक होऊन सहज सुटू लागले की मासा शिजला. तुकड्या ताटात काढून निवू द्याव्यात. कढईत उरलेले पाणी टाकू नये, रश्श्याची चव त्यातच असते.

त्याच कढईत ते पाणी वाटीत काढून दोन चमचे शेंगदाण्याचे तेल तापवावे. आठ-दहा लसूणपाकळ्या ठेचून, अर्धा चमचा भरडलेली बडीशेप आणि एक उभी चिरलेली हिरवी मिरची घालावी. लसूण बदामी होण्याआधीच बारीक चिरलेला कांदा व नंतर चार पिकलेले टोमॅटो घालावेत. टोमॅटो विरघळू लागले की माशाचे पाणी आणि मूठभर बेदाणे टाकून दहा मिनिटे शिजू द्यावे. भाजी पोटात जावी म्हणून मी यात एक किसलेले गाजर व मूठभर पालकही घालते. दाट रश्श्यात त्यांचा रंग दिसतो, पण मुलांची कुरकुर ऐकू येत नाही.

एव्हाना पाण्याला आधण आलेले असते. त्यात अडीचशे ग्रॅम पास्ता सोडावा. पाकिटावर दिलेल्या वेळेच्या एक मिनिट आधी, दाताखाली किंचित करकरीत असतानाच उपसावा आणि त्याचे वाटीभर पाणी बाजूला ठेवावे. चांगला पास्ता टणक गव्हाच्या रव्याचा असतो. आपल्याकडे बन्सी म्हणून ओळखला जातो त्याच जातीचा हा गहू. यातील पिष्ट प्रथिनांच्या घट्ट जाळ्यात बांधलेले असते. त्यामुळे नेमका शिजवलेला पास्ता मैद्याच्या पावापेक्षा सावकाश पचतो आणि रक्तातील साखर तुलनेने हळू वाढते. जास्त शिजवून गिच्च केला की हा गुण कमी होतो. यजमानांच्या ताटात पास्ता कमी व रस्सा, भाजी आणि मासा अधिक असा वाटा असतो. आप्पांसाठीचा वाटा मात्र मी दोन मिनिटे जास्त शिजवते, कारण तिथे प्रश्न दातांचा आहे.

शेवटचे काम म्हणजे मासा निवडणे. कातडी सोलावी, मधला काटा उचलून काढावा आणि मांसाच्या पाकळ्या बोटांनी मोकळ्या कराव्यात. मग प्रत्येक पाकळी अंगठा व तर्जनी यांमध्ये धरून हलके दाबून पाहावी. डोळ्यांना न दिसणारा काटा बोटांना कळतो. निवडलेला मासा, पास्ता आणि लागेल तसे पास्त्याचे पाणी रश्श्यात घालून एकदाच अलगद हलवावे आणि वरून कोथिंबीर व लिंबू घालावे. कन्येला चीज हवे होते. पण माशाच्या पास्त्यावर चीज न घालण्याची रीत खुद्द इटलीतही आहे, हे सांगून मी तिला गप्प केले. सिसिलीत त्याऐवजी भाजलेल्या पावाचा चुरा भुरभुरतात. आमच्याकडे सकाळची ज्वारीची भाकरी उरली होती. तिचा कुस्करा तव्यावर खरपूस भाजून वर घातला. सात वाजून पाच मिनिटांनी सुरू झालेला स्वयंपाक पावणेआठला ताटात होता.

आप्पांसाठी मी आमटी-भात वाढला होता. कन्या आपले ताट घेऊन त्यांच्या शेजारी बसली. “आजोबा, एक घास तरी खाऊन बघा ना. माशाचा वाससुद्धा येत नाही.” आप्पांनी तिच्या ताटाकडे डोळे बारीक करून पाहिले. मग माझ्याकडे वळून, आवाज खाली आणून विचारले, “यात काटा नाही ना गं?”

मी म्हटले, “नाही आप्पा, सगळा निवडलाय.”

“नीट बघितलंस ना?”

त्या दुसऱ्या प्रश्नाने मी जागच्या जागी उभी राहिले. तो प्रश्न मन उडालेल्या माणसाचा नव्हता. भ्यालेल्या माणसाचा होता.

जेवण झाल्यावर, भांडी आवरताना, हळूहळू सारे बाहेर आले. आई गेल्यानंतर दोन महिन्यांनी बाईंनी एकदा रोहूचे कालवण करून ठेवले होते. रोहू-कटला या माशांच्या मांसात मधल्या काट्याखेरीज बारीक, दुबेळके काटे पसरलेले असतात. आप्पा रात्री एकटेच जेवायला बसले आणि काटा घशात रुतला. घरात दुसरे कोणी नाही. शेजाऱ्यांना हाक मारायला संकोच वाटला. कोरड्या भाताचे गोळे गिळले, केळे खाल्ले, पहाटेपर्यंत खुर्चीत बसून काढले. सकाळी काटा कसाबसा उतरला, पण भीती बसली ती बसलीच. “तुझी आई निवडून द्यायची ना,” ते म्हणाले. “मला काटे दिसायचे बंद होऊन कितीतरी वर्षं झाली होती. तिला ठाऊक होतं. तिनं कुणाला सांगितलं नाही.”

ज्याला मी लाड म्हणून हसत होते, ते दोघांमधले एक अबोल गुपित होते. आप्पांचे डोळे अधू झाले आहेत हे आईने ओळखले होते, आणि ताटावर झुकून ती ते झाकत होती. ती गेल्यावर झाकणारे कोणी उरले नाही. मग त्यांनी ताटच बदलले.

पुढच्याच आठवड्यात डोळ्यांची तपासणी झाली. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू होता, उजव्या डोळ्यातला तर पुरता पिकत आलेला. दीड महिन्याच्या अंतराने दोन्ही शस्त्रक्रिया झाल्या. आता ते वर्तमानपत्रातील शब्दकोडे पुन्हा स्वतः सोडवतात.

वाचकांना या अनुभवातून दोन-तीन गोष्टी आवर्जून सांगाव्याशा वाटतात. घरातील वृद्ध व्यक्तीने एखादा आवडीचा पदार्थ अचानक सोडला, तर ‘वय झाले’ किंवा ‘विरक्ती आली’ असे म्हणून स्वस्थ बसू नये. शेंगदाणे सोडले असतील तर दात पाहावेत, मासा सोडला असेल तर डोळे, पाणी कमी केले असेल तर रात्री उठावे लागण्याची भीती. गिळताना ठसका लागतो का, हेही विचारावे. कारण बहुधा साधे आणि उपाय करता येण्याजोगे असते. मात्र ते सांगण्यात त्यांना कमीपणा वाटतो. म्हणून चारचौघांत न विचारता शेजारी बसून विचारावे.

घशात काटा अडकल्यास कोरडा भात, केळे किंवा भाकरीचा मोठा घास गिळण्याचा जुना उपाय करू नये. त्याने काटा अधिक खोल रुतण्याचा धोका असतो. बोटे घालून काढण्याचा प्रयत्नही नको. टोचणे थांबत नसेल तर कान-नाक-घसा तज्ज्ञांकडे जावे. ते दुर्बिणीच्या साहाय्याने काटा काढतात. श्वासाला अडथळा, थुंकीही गिळता न येणे, रक्त पडणे किंवा छातीत दुखणे यांपैकी काहीही झाल्यास क्षणभरही न थांबता रुग्णालय गाठावे.

मासा निवडतानाही थोडे भान हवे. शंभर ग्रॅम माशातून साधारण अठरा ते वीस ग्रॅम प्रथिने मिळतात आणि ती पचायला हलकी असतात. वृद्धांसाठी व लहान मुलांसाठी सुरमई, रावस किंवा मरळ सोयीची, कारण त्यांत बारीक काटे कमी. हृदयासाठी हितकर असलेली ओमेगा-३ मेदाम्ले बांगडा आणि तारली यांत भरपूर असतात, आणि वाफवलेल्या बांगड्याचे मांस मधल्या काट्यावरून चांगले सुटते. फक्त चाचपण्याचे काम दुपटीने करावे. सुरमईसारख्या मोठ्या शिकारी माशांत पाऱ्याचा अंश साठण्याची शक्यता अधिक असते. म्हणून गरोदर स्त्रिया व मुले यांना तीच ती सुरमई न देता लहान मासे आलटून पालटून द्यावेत. डोळे चमकदार, कल्ले लाल आणि बोटाने दाबल्यास पुन्हा वर येणारे मांस, या ताजेपणाच्या खुणा. नदीच्या माशाबाबत आता अधिक सावध राहावे लागते. मार्च २०२३ मध्ये सांगलीजवळ कृष्णेत मेलेल्या माशांचा खच तरंगला होता. ती बातमी वाचून आप्पा दिवसभर बोलले नव्हते. पाण्यावर तरंगलेला मासा स्वस्त मिळाला, तरी कधीही घरात आणू नये.

आता राहिला प्रश्न पास्त्याचा. आप्पा त्याला ‘इटलीच्या शेवया’ म्हणतात, आणि त्यांचे म्हणणे अगदीच चुकीचे नाही. आमच्या कृष्णाकाठी पिकणारा खपली गहू हा पास्त्याच्या टणक गव्हाचा पूर्वज. उन्हाळ्यात आई आणि मावश्या याच खपलीचा ओलवून, दळून, गाळलेला रवा मळून अंगणात शेवया करत आणि काठ्यांवर वाळत घालत. त्या आम्ही दूध-गुळाशीच खाल्ल्या. गेल्या महिन्यात मी पास्त्याऐवजी त्याच खपलीच्या शेवया किंचित भाजून, दोन-तीन मिनिटे उकळून, माशाच्या रश्श्यात घातल्या. शेवया लवकर मऊ पडतात, म्हणून रस्सा तयार झाल्यावरच त्या पाण्यात सोडाव्यात. गव्हातील ग्लुटेन ज्यांना वर्ज्य आहे त्यांना मात्र खपलीही चालत नाही, कारण ते तिच्यातही असते. कन्येला पास्ता अधिक आवडला, आप्पांना शेवया. यजमान दोन्हींना चांगले म्हणाले, हा त्यांचा संसारातील अनुभव.

दर बुधवारी मासा निवडण्याचे काम आता आप्पांकडे आहे. डोळ्यांना स्पष्ट दिसू लागले तरी त्यांचा विश्वास बोटांवरच अधिक. वाफवलेल्या तुकड्या ताटात घेऊन ते खिडकीपाशी बसतात आणि हळकुंड चाचपावे तशी एकेक पाकळी चाचपतात. काढलेले काटे बशीच्या कडेला ओळीने मांडून ठेवतात आणि शेवटी नातीला दाखवतात. निवडायला दहा मिनिटांऐवजी पंचवीस मिनिटे लागतात, त्यामुळे आमचा झटपट स्वयंपाक आता तितकासा झटपट राहिलेला नाही. मी मध्ये पडत नाही.

मागच्या रविवारी वजन केले. साडेअठ्ठावन्न भरले. आप्पांनी वजनकाट्यावरून उतरत आकडा स्वतः वाचला आणि विचारले, “बुधवारी बांगडा मिळेल का गं?”